आधी अंतर, मग वर्ग: बटू दीर्घिकांच्या अभ्यासाकडे वळणाऱ्यांसाठी

दिवाळीत गावी गेले होते. चोपडा तालुक्यात, सातपुड्याच्या पायथ्याशी आमचं गाव. बीएस्सीच्या दुसऱ्या वर्षाची दोन मुलं आणि एक मुलगी घरी आली. "ताई, तुम्ही नेमकं काय करता? आम्हाला त्यात यायचं तर सुरुवात कुठून करू?" ओसरीवर बसून दोन तास बोलले, पण बरंच राहून गेलं. म्हणून हे लिहिते आहे.

आपल्या आकाशगंगेसारख्या मोठ्या दीर्घिकेभोवती लहान दीर्घिका फिरत असतात. त्यांना बटू दीर्घिका म्हणतात. आकाशगंगेत १०० अब्जांहून जास्त तारे आहेत, तर सगळ्यात मंद बटूंमध्ये जेमतेम काही हजार. छायाचित्रांत असे बटू शोधायचे, ते कोणत्या प्रकारचे आहेत ते ठरवायचं आणि किती लांब आहेत ते मोजायचं, हे माझं काम.

एमएस्सीच्या प्रकल्पात मला एका मोठ्या दीर्घिकेभोवतीच्या ४२ फिकट ठिपक्यांची यादी मिळाली होती. पंधरा दिवसांत मी प्रत्येकासमोर प्रकार लिहून टाकला: हा गुळगुळीत गोल, हा निळसर विस्कटलेला. मार्गदर्शकांनी वही पाहिली आणि एकच प्रश्न विचारला, "हे सगळे त्या दीर्घिकेजवळच आहेत, हे कशावरून?" माझ्याकडे उत्तर नव्हतं. पुढे खुल्या सर्वेक्षणांतले वर्णपट, म्हणजे रंगांत फोडलेला प्रकाश, मिळाले. त्यावरून दीर्घिका किती वेगाने दूर जाते ते कळतं, आणि साधारणपणे जितकी लांब तितका वेग जास्त. मधली मोठी दीर्घिका आपल्यापासून सेकंदाला काही शे किलोमीटर वेगाने दूर जात होती आणि माझ्या यादीतल्या ११ जणांचे वेग हजारोंच्या घरात होते. म्हणजे ते बटू नव्हतेच. फार मागे असलेल्या, अंतरामुळे लहान दिसणाऱ्या चांगल्या मोठ्या दीर्घिका होत्या. त्या रात्री मला झोप लागली नाही. तेव्हापासून अंतर कळल्याशिवाय मी प्रकाराचा रकाना पक्क्या शाईने भरत नाही.

कापूस विकायला नेणाऱ्या घरातल्या मुलांना 'प्रत' हा शब्द शिकवावा लागत नाही. खगोलशास्त्रातही ताऱ्याच्या तेजाला प्रतच म्हणतात. तारा आपल्याला जितका तेजस्वी दिसतो ती दृश्य प्रत, आणि ठरावीक अंतरावर, म्हणजे ३२.६ प्रकाशवर्षांवर ठेवला तर जितका दिसेल ती निरपेक्ष प्रत. आकडा वाढला की तेज कमी. या दोन प्रतींतल्या फरकावरून अंतर निघतं: फरक ५ ने वाढला की अंतर दहापट. बाकी सगळी खटपट निरपेक्ष प्रत आधीच माहीत असलेला तारा शोधण्याची आहे.

हे मला पुस्तकाआधी शेताने शिकवलं होतं. केळीला पाणी द्यायला आप्पा रात्रीच्या लाईटीला मोटर चालू करायला जायचे, हातात बॅटरी. गल्लीतल्या सगळ्यांनी एकाच दुकानातून तीच बॅटरी घेतलेली. गच्चीवरून उजेड पाहिला की ते विहिरीजवळ आहेत की पार नाल्यापलीकडे, हे मला कळायचं. बॅटऱ्या सारख्या होत्या म्हणूनच ते जमायचं. कुणी मोठा फोकस घेऊन गेला की अंदाज चुकायचा.

आकाशातल्या अशा सारख्या बॅटऱ्यांमध्ये माझा सगळ्यात जास्त भरवसा लाल राक्षसी ताऱ्यांच्या टोकावर आहे. म्हातारा होत आलेला, कमी वस्तुमानाचा तारा फुगत आणि तेजाळत जातो. त्याच्या पोटात हेलियमचा गाभा साठत असतो. हा गाभा सूर्याच्या वस्तुमानाच्या निम्म्याच्या जरा आत पोचला की हेलियम एकदम पेटतो आणि ताऱ्याचं तेज खाली येतं. त्याआधीचं सर्वांत जास्त तेज म्हणजे हे टोक. गाभ्याची ही मर्यादा जवळपास सगळ्यांना सारखीच, त्यामुळे टोकाचं तेजही सारखं: फक्त अवरक्ताजवळचा प्रकाश सोडणाऱ्या 'आय' गाळणीतून पाहिलं तर निरपेक्ष प्रत साधारण उणे ४. समजा एका बटूत हे टोक २४ व्या प्रतीला दिसलं. फरक २८, म्हणजे अंतर सुमारे १ कोटी ३० लाख प्रकाशवर्षं. टोक ओळखण्यात ०.१ प्रतीची चूक झाली तर अंतर जवळपास ५ टक्क्यांनी हुकतं. हे गणित स्वतः हाताने करून पाहा, संगणकावर नंतर.

फार लांबच्या बटूंमध्ये तारे सुटे दिसतच नाहीत. तिथे वेगळी युक्ती वापरतात. बाजार समितीत ज्वारीची रास जवळून पाहिली तर दाणा न् दाणा दिसतो, फाटकातून पाहिली तर नुसता गुळगुळीत ढीग. बटूचा पृष्ठभाग किती दाणेदार दिसतो, ते मोजूनही अंतर काढता येतं. टोन्री आणि श्नायडर यांनी १९८८ मध्ये ही पद्धत मांडली.

अंतराने सगळा निकाल कसा फिरतो, त्याचं अलीकडचं उदाहरण एनजीसी १०५२-डीएफ२ या फिकट दीर्घिकेचं. २०१८ मध्ये एका गटाने तिच्यात कृष्णद्रव्य, म्हणजे न दिसणारं, फक्त गुरुत्वाकर्षणातून जाणवणारं द्रव्य, जवळपास नाही असं जाहीर केलं, अंतर धरलं होतं साडेसहा कोटी प्रकाशवर्षं. पुढच्याच वर्षी दुसऱ्या गटाने अंतर सव्वाचार कोटी काढलं, आणि त्या अंतरावर ती साधीसुधी दीर्घिका ठरत होती. २०२१ मध्ये हबल दुर्बिणीच्या खूप खोल छायाचित्रांत लाल राक्षसींचं टोक सापडलं: सुमारे ७ कोटी २० लाख. ही कथा प्रत्येक नवख्याने मुळातून वाचावी. अंतर दीडपट झालं की आकारही दीडपट होतो, पण तेज सव्वादोन पट. त्यावर उभा असलेला प्रत्येक निष्कर्ष हलतो.

आता वर्गाबद्दल. ढोबळमानाने दोन कुळं: गोलाभ बटू, ज्यांत वायू नाही आणि नवे तारे जन्मत नाहीत, आणि अनियमित बटू, ज्यांत दोन्ही आहेत. आकाशगंगेपासून १० लाख प्रकाशवर्षांच्या आत मॅजेलनचे ढग या दोन शेजारच्या बटू दीर्घिका सोडल्या तर बाकी बटूंमध्ये हायड्रोजन वायू सापडत नाही. आकाशगंगेभोवतीच्या विरळ तप्त वायूतून फिरताना तो मागे खरडला जातो, असं मानतात. लिओ टी ही बटू दीर्घिका जरा पलीकडे, सुमारे १४ लाख प्रकाशवर्षांवर आहे आणि तिच्यात वायू आहे. म्हणजे प्रकारसुद्धा अंतराशीच बांधलेला. असा वायू रेडिओ दुर्बिणीने दिसतो आणि आपल्या नारायणगावजवळच्या, प्रत्येकी ४५ मीटरच्या ३० ॲंटेनांच्या जीएमआरटीने अनियमित बटूंवर नाव घेण्यासारखं काम केलं आहे.

सगळ्यात मंद वस्तूंबाबत तर दीर्घिका की नुसता तारकागुच्छ, इथूनच वाद. २०१२ मध्ये विलमन आणि स्ट्रेडर यांनी व्याख्या सुचवली: जिचे गुणधर्म साधं द्रव्य आणि न्यूटनचं गुरुत्वाकर्षण यांनी उलगडत नाहीत, ती दीर्घिका. व्यवहारात ताऱ्यांचे वेग किती विखुरलेत आणि त्यांच्यात लोहाचं प्रमाण किती बदलतं, ते तपासतात. मला ही व्याख्या पटते, कारण ती दिसण्यावर विसंबत नाही.

शिक्षणाचं थोडक्यात सांगते. बीएस्सी भौतिकशास्त्र, एमएस्सीसाठी जॅम, मग पीएचडीसाठी नेट, जेस्ट किंवा पुण्याच्या आयुका आणि एनसीआरए या खगोलशास्त्राच्या संस्थांची आयनॅट, या परीक्षा. जेआरएफ ही संशोधनाची शिष्यवृत्ती मिळाली तर २०२३ पासून महिन्याला ३७,००० रुपये मिळतात. घरी बोलताना हा आकडा सांगा, त्याने बोलणं सोपं होतं. सुट्ट्यांमधले विद्यार्थी प्रकल्प आयुकातही असतात आणि एनसीआरएतही. अर्ज करताना मोठ्या महाविद्यालयांच्या यादीला घाबरू नका. मी अमळनेरहून केला होता. इंग्रजीचं भय मलाही होतं. पहिला शोधनिबंध वाचायला ९ दिवस लागले, दहावा एका संध्याकाळीत झाला. संख्याशास्त्राचा तास मात्र कधी बुडवू नका.

दुर्बीण नसली तरी अडत नाही. मॅजेलनचे ढग आपल्याकडून दिसतही नाहीत, २१ अक्षांशावर ते दक्षिण क्षितिजाच्या खालीच राहतात. गाया उपग्रहाने मोजलेल्या ताऱ्यांच्या माहितीचा २०२२ चा संच सगळ्यांना खुला आहे. पायथन शिका, कालेय (ड्रॅको) या बटूच्या जागेतले तारे उतरवून घ्या, आकाशात एकाच दिशेने, एकाच गतीने सोबत सरकणारे तेवढे ठेवा आणि रंग-प्रत आलेख काढा. लाल राक्षसींची फांदी दिसेल आणि खाली २० व्या प्रतीच्या आसपास ताऱ्यांचा आडवा पट्टा. त्या पट्ट्याची निरपेक्ष प्रत साधारण ०.६.

ओसरीवर आलेल्या मुलीने परवा हा आलेख पाठवला. पट्टा तिला २०.१ ला मिळाला, अंतर २ लाख ५९ हजार प्रकाशवर्षं. मी तिला वाटेतल्या धुळीबद्दल विचारलं. तासाभराने उत्तर आलं: धुळीने ०.०८ प्रतीचा उजेड खाल्ला होता, तो धरला तर अंतर अडीच लाखांवर येतं.