शासकीय जमीन मिळाली? मग या चुका टाळा

जिल्हाधिकाऱ्यांचा वाटप आदेश आला की संस्थेत पेढे वाटले जातात आणि आदेश फायलीला लागतो. नंतर तो कागद बाहेर निघतो तो थेट नोटीस आल्यावर. महसुली प्रकरणांचे अर्ज आणि अपिले लिहिण्यात माझी बरीच वर्षे गेली. सरकारजमा झालेल्या ज्या जमिनी मी पाहिल्या, त्यांतल्या बहुतेक साध्या चुकांनी गेल्या: कुणी तारीख चुकवली, कुणी परवानगी घेतली नाही, कुणी भलत्याच कार्यालयात खेटे घातले. प्रामाणिक माणसांच्या जमिनी अशा जाताना पाहून जीव तुटतो, म्हणून हे लिहितो आहे.

सगळ्यात महागात पडणारी चूक म्हणजे आदेशातल्या अटी न वाचणे. महाराष्ट्र जमीन महसूल अधिनियम, 1966 आणि सरकारी जमिनींच्या विल्हेवाटीचे 1971 चे नियम यांखाली मिळणारी जमीन बहुधा भोगवटादार वर्ग 2 ची असते किंवा भाडेपट्ट्याची. म्हणजे जमीन मिळाली, पण ती ठरावीक कामासाठी, ठरावीक मुदतीत आणि परवानगीशिवाय हस्तांतर न करण्याच्या अटीवर. एका महिला मंडळाला शिवणवर्गासाठी काही गुंठे मिळाले होते. बांधकामाचे कर्ज फिटावे म्हणून बायकांनी पुढची एक खोली खताच्या दुकानाला भाड्याने दिली. हेतूत खोट नव्हती. पण शेजाऱ्याने तक्रार केली, मंडळ अधिकारी पंचनाम्याला आले आणि शटर, दुकानाचा बोर्ड, भाडेपावती असे सगळे पंचनाम्यात उतरले. शर्तभंगाची नोटीस घेऊन त्या माझ्याकडे आल्या तेव्हा मूळ आदेश अजून प्लास्टिकच्या पिशवीत, घडीसुद्धा न मोडलेला होता. पोटभाड्याला मनाई करणारी अट शेवटच्या पानावर स्पष्ट छापलेली. त्या पानापर्यंत कुणी पोहोचलेच नव्हते.

असे झाले असेल तर लपवू नका. आधी शर्तभंग थांबवा, खोली रिकामी केल्याचे फोटो काढा आणि घडले ते लेखी मान्य करून जिल्हाधिकाऱ्यांकडे खुलासा द्या. खुलासाच दिला नाही तर आदेश एकतर्फी होतो, आणि मग याच अधिनियमाच्या कलम 53 खाली ताबा काढून घेण्याची कारवाई सुरू व्हायला वेळ लागत नाही.

दुसरी चूक खरेदी-विक्रीची. वर्ग 2 ची जमीन नोटरीच्या साठेखतावर "नंतर परवानगी काढू" म्हणत विकली जाते. घेणारा सातबारावर नाव पाहतो, पण इतर हक्कातला शेरा वाचत नाही. सातबारा आणि फेरफार या महसुली नोंदी आहेत, त्यांनी मालकी सिद्ध होत नाही, हे सर्वोच्च न्यायालयाने वारंवार सांगितले आहे. वर्ग 1, म्हणजे हस्तांतराला अशी परवानगी न लागणारी जमीन, करून घ्यायची असेल तर रूपांतरणाचे नियम आहेत. पात्रता पाहा, अधिमूल्य, म्हणजे रूपांतरणासाठी शासनाला द्यायची रक्कम, भरा, आदेश हातात घ्या आणि मगच व्यवहार करा. उलट्या क्रमाने गेलात तर पैसेही अडकतात आणि जमीनही.

गावपातळीवर वेगळाच गैरसमज असतो: ग्रामपंचायतीने ठराव केला म्हणजे गायरानातली जागा आपली झाली. तसे होत नाही. ती जमीन शासनाची आहे. ठराव म्हणजे फार तर संमती, वाटप नव्हे. घरपट्टीची पावती आणि नमुना 8 चा, म्हणजे ग्रामपंचायतीच्या मिळकत नोंदीचा, उताराही तिथे मालकी देत नाहीत. पंजाबातल्या एका गावतळ्यावरील अतिक्रमणाच्या खटल्यात, जगपाल सिंग प्रकरणात, 28 जानेवारी 2011 रोजी सर्वोच्च न्यायालयाने सांगितले, की फार वर्षे कब्जा आहे किंवा बांधकामावर मोठा खर्च झाला आहे, एवढ्यावर अतिक्रमण नियमित होत नाही. शासनाच्या अधिसूचनेने भूमिहीन मजुरांना किंवा अनुसूचित जाती-जमातींच्या लोकांना दिलेले पट्टे, शाळा, दवाखाना अशांना त्यात अपवाद ठेवला आहे. तुम्ही त्या अपवादात बसत असाल तर पट्ट्याची मूळ प्रत आजच शोधून ठेवा.

आता मुदत. तहसीलदार किंवा प्रांताच्या आदेशावर अपिलाला 60 दिवस मिळतात, जिल्हाधिकाऱ्यांच्या आदेशावर 90. दिवस मोजायचे ते आदेश तुम्हाला मिळाल्यापासून, आणि नक्कल मिळवण्यात गेलेले दिवस त्यातून वजा होतात. म्हणून आदेश ज्या लिफाफ्यात आला तो फेकू नका, त्यावरचा टपालाचा शिक्का हा तुमचा पुरावा आहे. नोटीस गावातच हातात दिली तर सहीखाली तारीख स्वतःच्या अक्षरात घाला. नकलेचा अर्ज त्याच दिवशी करा. उशीर झालाच असेल तर विलंब माफीचा वेगळा अर्ज, कारणासह आणि आजारपण असल्यास कागदांसह जोडा. आणि मंत्रालयात निवेदन देऊन वाट पाहत बसू नका. निवेदन म्हणजे अपील नव्हे, त्याने मुदत थांबत नाही. दिवाणी दावा लावायचा तर शासनाला आधी दोन महिन्यांची नोटीस लागते, हेही लक्षात ठेवा.

दुसऱ्याला झालेल्या वाटपावर आक्षेप घेणारेही चुकतात. नुसता "भ्रष्टाचार झाला" असा अर्ज टिकत नाही. भोपाळमध्ये एका न्यासाला दिलेली 20 एकर जमीन सर्वोच्च न्यायालयाने 2011 साली रद्द केली. जाहिरात नाही, इतरांना अर्जाची संधी नाही, हा त्यातला कळीचा मुद्दा होता. तेव्हा माहिती अधिकारात पूर्ण संचिका मागा: टिप्पण्या, मूल्यांकन, जाहीर सूचना, नगररचनेचा अभिप्राय. कोणती पायरी गाळली ते पान क्रमांकासह दाखवा.

सुनावणीला गेलात तर युक्तिवाद लेखी द्या, आवक क्रमांकाची पोच घ्या आणि रोजनाम्यावर, म्हणजे प्रकरणाच्या तारीखवार नोंदीत, आपली हजेरी लागली आहे का ते डोळ्यांनी पाहूनच कार्यालयातून निघा.