सोसायटीतलं झेंडावंदन : या चुका टाळा

पंधरा ऑगस्टला मुंबईत पावसाचा भरवसा नसतो. भिजलेला दोर गच्चीवरच्या गंजक्या कप्पीत अडकतो, अध्यक्ष ओढत राहतात आणि तिरंगा उलगडतच नाही. म्हणून आदल्या संध्याकाळीच कप्पीला तेल द्या आणि दोराला साधं फडकं बांधून वर-खाली करून बघा. झेंडा पूर्ण उघडून केशरी पट्टा वरच आहे ना, हे दोघांनी पाहावं, मगच घडी घालावी. उलटा झेंडा फडकतो तो बहुतेक वेळा सकाळच्या घाईत बांधल्यामुळे. गाठ सुरगाठच हवी, निरगाठ बसली की संपलं. आत पाकळ्या ठेवायला ध्वजसंहितेची हरकत नाही, पण कोरड्या आणि मूठभरच ठेवा. ओल्या कापडाला चिकटून बसतात.

दुसरी चूक भाषणात होते आणि ती मला जास्त खुपते. केशरी अमक्या धर्माचा, हिरवा तमक्याचा, असं मुलांना बिनदिक्कत सांगितलं जातं. १९२१च्या गांधीजींच्या झेंड्यात रंग धर्मांशी जोडलेले होते, हे खरं. पण त्यावर आक्षेप आले. ऑगस्ट १९३१मध्ये आपल्याच मुंबईत काँग्रेस महासमितीने केशरी-पांढरा-हिरवा झेंडा स्वीकारला, तेव्हा रंगांना धार्मिक अर्थ नाही हे स्पष्ट केलं गेलं : केशरी म्हणजे धैर्य आणि त्याग, पांढरा म्हणजे सत्य आणि शांती. २२ जुलै १९४७ला संविधान सभेने चरख्याच्या जागी अशोकचक्र घेतलं. डॉ. राधाकृष्णन यांनी तर हिरव्याचं नातं मातीशी आणि झाडावेलींशी जोडलं. मुलांपर्यंत हे पोचायला हवं.

विकत घेताना लांबी-रुंदी ३:२ आणि चक्राचे आरे २४ आहेत ना, ते बघा. बाल्कनीत उभा लावलात तर केशरी पट्टा समोरून बघणाऱ्याच्या डावीकडे यायला हवा. त्यावर सोसायटीचं नाव नको, त्याच काठीवर मंडळाचा झेंडाही नको. घरावरचा झेंडा सूर्यास्ताला उतरवायलाच हवा, असं अजूनही बजावलं जातं. जुलै २०२२पासून तो रात्रीही ठेवता येतो. मात्र फाटला किंवा विटला की लगेच काढा. तो भंगारात द्यायचा नाही, चारचौघांत न करता, शक्यतो जाळून, पूर्ण नष्ट करायचा.

सिग्नलवर घेतलेले कागदी झेंडे दुपारपर्यंत जिन्यात पडलेले दिसतात. त्यासाठी गेटपाशी एक खोका ठेवा आणि सफाईला येणाऱ्या मावशींना सकाळीच सांगून ठेवा, की ते ओल्या कचऱ्यात जाऊ देऊ नका.