सफरचंद-कस्टर्डचा फ्रेंच टार्ट: तळ ओला, कस्टर्ड फाटलेलं? या चुका टाळा

टार्ट वरून सुरेख दिसतो. सफरचंदाच्या फोडींच्या कडा तांबूस झालेल्या, मधलं कस्टर्ड पिवळंधमक. सुरी खाली उतरली की मात्र तळाशी पांढरट, ओलसर, दाताला चिकटणारा थर लागतो. भाचीचा परवा फोन आला तोही यासाठीच. "मावशी, वरून एकदम छान झाला, पण खालून कच्चाच राहिला गं!" हा टार्ट पहिल्यांदा करणाऱ्या बऱ्याच जणांची हीच तक्रार असते, आणि बहुतेक जण दोष ओव्हनला देतात. खरा दोष असतो पाण्याचा. सफरचंदातलं पाणी, लोण्यातलं पाणी, मळताना सढळ हाताने घातलेलं पाणी, आणि आपल्या नागपुरात कुलरच्या हवेतलंसुद्धा पाणी. ते कुठून येतं आणि कुठे अडवायचं, एवढं कळलं की हा पदार्थ अवघड नाही.

हा टार्ट मुळात फ्रान्सच्या पूर्वेकडच्या अल्सास प्रांताचा. वायव्येच्या नॉर्मंडीतही त्याचा भाऊ आहे. तिथे सफरचंदापासूनच काढलेली काल्वाडोस नावाची ब्रँडी कस्टर्डात घालतात, वर कधी बदामाचे काप असतात. आपण अल्सासचा साधा प्रकार धरू. २३ सेंटिमीटरच्या, म्हणजे ९ इंची, सुट्या तळाच्या साच्यासाठी माप असं: पारीसाठी २०० ग्रॅम मैदा, १०० ग्रॅम बिनमिठाचं बटर, एक मोठा चमचा पिठीसाखर, चिमूटभर मीठ, एका अंड्याचा पिवळा बलक आणि दोन-तीन चमचे बर्फाचं पाणी. आत अर्धा किलो सफरचंदं. कस्टर्डला दोन अंडी आणि आणखी एक बलक, ७५ ग्रॅम साखर, १५० मिली क्रीम, १०० मिली दूध, थोडा व्हॅनिला.

करंजीच्या सवयीने पारी करणं

आपल्या हातांना दोन सवयी पक्क्या असतात. करंजी-शंकरपाळ्यांना कडकडीत मोहन घालायचं आणि पोळीची कणीक चांगली तिंबायची. या टार्टला दोन्ही चालत नाहीत. इथे बटर गारच हवं, आणि मैद्यात त्याचे वाटाण्याएवढे, मुगाएवढे कण शिल्लक राहायला हवेत. ओव्हनमध्ये हे कण वितळतात, त्यांच्यातल्या पाण्याची वाफ होते आणि पारीला पदर सुटतात. बटर आधीच वितळलं तर ते मैद्यात मुरतं आणि पारी दगडासारखी कडक नाहीतर तेलकट होते. तिंबलं तर मैद्यातलं ग्लूटेन ताणलं जातं, आणि अशी पारी भाजताना कडेवरून खाली घसरते. "माझ्या टार्टची भिंत बसली" अशी तक्रार असेल तर कारण नव्वद टक्के इथेच शोधा. बोटांच्या टोकांनी मैदा-बटर चोळायचं, बलक आणि पाणी घालून गोळा जेमतेम जमेपर्यंतच एकत्र करायचा, आणि हात काढून घ्यायचा. वरून थोडा भगराळ दिसला तरी फ्रिजमध्ये तासाभरात तो सारखा होतो.

बटर साधारण ३२ ते ३५ अंशांना वितळतं. मे महिन्यात नागपूरचा पारा ४५ च्या आसपास असतो, आणि नवतप्यात तर रात्री अकरालाही ओटा कोमट लागतो. म्हणजे स्वयंपाकघरातच बटर वितळायची सगळी सोय आहे. अशा दिवसांत पारी पहाटेच करावी, हे मी अगदी आग्रहाने सांगेन. मैदा आणि वाडगा आदल्या रात्रीच फ्रीजरमध्ये टाका. बटरही गोठवा आणि किसणीवर थेट मैद्यात किसा, म्हणजे हाताची ऊब लागतच नाही. ग्रॅनाइटच्या ओट्यावर बर्फाचा ट्रे दहा मिनिटं ठेवून, ओटा कोरडा पुसून मग लाटा. लाटताना वर-खाली प्लॅस्टिकचा कागद घातला की पीठ लावावं लागत नाही. मधेच पारी मऊ पडली, कागदाला चिकटायला लागली, तर झगडू नका. कागदासकट पंधरा मिनिटं फ्रिजमध्ये सरकवा. डिसेंबर-जानेवारीत यातलं काहीच करावं लागत नाही. म्हणून पहिलाच टार्ट असेल तर थंडीची वाट बघा, असं मी मनापासून सुचवते.

बटरच्या जागी घरचं लोणी घ्यायचा मोह होतो. घ्या, पण ताज्या लोण्यात ताकाचं पाणी बरंच असतं. बर्फाच्या पाण्यात धुऊन, दाबून पाणी काढा, घट्ट गारठवा आणि मग वापरा. तूप मात्र नको. त्यात पाणी नसल्याने वाफ होत नाही, पदर सुटत नाहीत, आणि नानकटाईसारखी भुसभुशीत पारी होते, जी कापताना तुटते. नेहमीचं पिवळं मिठाचं बटर घेतलं तर वेगळं मीठ टाकू नका.

साच्यात पारी बसवताना ती ओढून ताणू नका. उचलून कोपऱ्यात सैल सोडा आणि बोटाने हलकेच दाबा. ताणलेली पारी भाजताना परत आपल्या जागी येते. बसवल्यावर आणखी अर्धा तास फ्रिजमध्ये.

तळ आधी न भाजणं

याच चुकीपायी सर्वाधिक टार्ट वाया जातात. कच्च्या पारीवर सफरचंद आणि पातळ कस्टर्ड ओतून सगळं एकदमच भाजायला ठेवलं, तर कस्टर्ड आळेपर्यंत तळाला कोरडं व्हायची संधीच मिळत नाही. तो शिजतो, भाजला जात नाही.

तळाला काट्याने टोचे मारा, वर बटर पेपर घाला आणि काठोकाठ राजमा किंवा छोले भरा. हे कडधान्य नंतर शिजवून खाता येत नाही, पण डब्यात भरून ठेवलं तर पुढे वर्षानुवर्षं याच कामाला येतं. २०० अंशांवर पंधरा ते अठरा मिनिटं भाजा. मग कागद आणि राजमा काढा. या वेळी तळ फिका आणि थोडा चमकदार दिसतो. ती चमक म्हणजे ओलावा. इथेच थांबणारे फसतात. आणखी सात-आठ मिनिटं उघडाच भाजा, तळ पूर्ण निस्तेज, कोरडा आणि हलका बदामी दिसेपर्यंत. बोटाने टिचकी मारली तर कोरडा आवाज यावा.

बलक काढल्यावर उरलेला पांढरा भाग इथे कामी येतो. गरम तळावर त्याचा पातळ हात ब्रशने फिरवा आणि दोन मिनिटं परत ओव्हनमध्ये ठेवा. तो थर आवळतो आणि कस्टर्ड खाली झिरपत नाही. भाजताना कुठे चीर पडली असेल तर राखून ठेवलेल्या कच्च्या पारीचा तुकडा लिंपून वरून तोच पांढरा भाग लावा. चीर तशीच सोडली तर कस्टर्ड साच्याखाली जाऊन जळेल.

भाजलेली पारी कुलरसमोर गार करायला ठेवू नका. उन्हाळ्यात नागपूरची हवा कोरडी ठणठणीत असते, पण कुलर लावलेल्या खोलीत दमटपणा बराच वाढतो आणि कोरडी पारी तो शोषून घेते. पावसाळ्यात तर कुलरचीही गरज नाही. पारी भाजली की लगेच भरा.

ओव्हनबद्दलही एक सांगायला हवं. ओटीजीत टार्ट सर्वांत खालच्या कप्प्यात, आधीच तापलेल्या लोखंडी किंवा ॲल्युमिनियमच्या ट्रेवर ठेवा. कन्व्हेक्शन मायक्रोव्हेवला बहुधा खालून आच नसते, तिथे तर तापलेला ट्रे हवाच. सिलिकॉनचा साचा या कामाला घेऊ नका, तो उष्णता नीट पोहोचू देत नाही.

सफरचंद निवडताना घाई

बाजारात जे लाल, चकचकीत दिसतं तेच उचललं जातं. लाल डिलिशस खायला गोड असतं, पण भाजल्यावर त्याचा पीठ-पीठ लगदा होतो, चवीला आंबटपणा नसतो. फ्रान्समध्ये या टार्टला बहुतेकदा गोल्डन डिलिशस घेतात. ते पिवळसर गोल्डन काश्मीर-हिमाचलातून आपल्याकडेही येतं, गोकुळपेठ बाजारात विचारून बघा. न मिळालं तर आयात केलेलं हिरवं ग्रॅनी स्मिथ आणि आपलं काश्मिरी, दोन्ही निम्मं-निम्मं घ्या. आंबटपणाही येतो आणि फोडी आकार धरतात. काश्मिरी हंगामाचा माल साधारण सप्टेंबर ते नोव्हेंबरात येतो. मे महिन्यात जे मिळतं ते शीतगृहातलं. दाबून बघा, रवाळ आणि मऊ लागलं तर परत ठेवा.

फोडी तीन-चार मिलिमीटर जाडीच्या हव्यात. जाड राहिल्या तर कस्टर्ड झालं तरी त्या कचकचतात, आणि पातळ कापल्या तर विरघळतात. लिंबाचे दोन थेंब लावले की काळ्या पडत नाहीत. पण साखर आधी मुळीच भुरभुरू नका. साखर फोडीतलं पाणी बाहेर ओढते आणि ते पाणी सरळ तुमच्या नीट भाजलेल्या तळावर उतरतं. भाचीचं नेमकं हेच झालं होतं. फोडींना साखर-दालचिनी लावून तिने अर्धा तास ठेवल्या होत्या आणि वाडग्यात जमलेलं पाणीही "चव जाऊ नये" म्हणून टार्टमध्ये ओतलं होतं.

फोडी भाजलेल्या पारीत रचा आणि कस्टर्डाशिवायच १८० अंशांवर पंधरा मिनिटं ठेवा. कडा वाकतात आणि त्यांच्यातली बरीच वाफ निघून जाते. ही पायरी घरी बहुतेक जण गाळतात. तिचा फरक खालच्या थरात स्पष्ट दिसतो.

कस्टर्ड फाटणं, भोकं पडणं, पाणी सुटणं

दूध-साखर मिसळलेलं अंडं साधारण ८० ते ८५ अंशांना आळतं. त्यापुढे गेलं की अंड्यातली प्रथिनं जास्तच आवळतात आणि धरून ठेवलेलं पाणी बाहेर टाकतात. खरवस जास्त वेळ वाफवला की जाळी पडते आणि कडेला पाणी सुटतं, इथेही अगदी तसंच होतं. म्हणून कस्टर्ड ओतल्यावर आच १६० वर आणा आणि पंचवीस ते तीस मिनिटं भाजा. लहान ओटीजीत वरचा रॉड अगदी जवळ असतो, तेव्हा रंग आला की वरून फॉइल पसरा किंवा वरचा रॉड बंद करा. कधी काढायचं? साचा हलवला की कडा स्थिर आणि मधला दोन इंचांचा भाग थरथरायला हवा. मधलाही घट्ट झाला की समजा उशीर झाला. बाहेर काढल्यावरही आतली ऊब पाच-दहा मिनिटं शिजवतच असते.

क्रीमबद्दल: आपल्याकडच्या खोक्यातल्या फ्रेश क्रीममध्ये २५ टक्के स्निग्धांश असतो, फ्रान्समध्ये पूर्ण क्रीम निदान ३० टक्क्यांची. आपली क्रीम चालते, दूध मात्र १०० मिलीच्या वर नेऊ नका. नुसत्या दुधाचं कस्टर्ड लवकर पाणी सोडतं.

अंडी फेटताना फेस आणू नका. फेस भाजला की वर खरबरीत, बुडबुड्यांची साय दिसते. साखर टाकली की लगेच हलवा. ती बलकावर तशीच पडून राहिली तर कडक गुठळ्या होतात. नंतर गाळून घ्या. टार्ट ओव्हनच्या जाळीवर ठेवून, जाळी अर्धी बाहेर ओढून मग कस्टर्ड ओता, काठाच्या जरा खालपर्यंतच.

"अंड्याचा वास येतो" ही तक्रारही बहुतांशी जास्त भाजल्याची असते. त्यावर वाटीभर व्हॅनिला हा उपाय नाही. हंगामात आपल्या संत्र्याची साल किसून घाला, सुगंध फार छान लागतो. संत्र्याची साल सैल असते म्हणून फळ सोलायच्या आधीच, गच्च धरून किसा, आणि फक्त केशरी भाग घ्या. पांढरा आला तर कडवटपणा येतो. रस मात्र घालू नका, कस्टर्ड फाटेल.

घरात अंडं चालत नसेल तर अंडी काढून त्या जागी कस्टर्ड पावडर कच्चीच ढवळू नका. ही पावडर इंग्लंडमधल्या बर्मिंगहॅमच्या आल्फ्रेड बर्डने १८३७ मध्ये बनवली, बायकोला अंडं सोसत नव्हतं म्हणून. ती मुळात कॉर्नफ्लोअर आहे आणि स्टार्च उकळीजवळ गेल्याशिवाय नीट घट्ट होत नाही. ओव्हनमध्ये पारीतलं कस्टर्ड तिथवर पोहोचेलच असं नाही. २५० मिली दूध-क्रीममध्ये दोन मोठे चमचे पावडर गॅसवर घट्ट होईपर्यंत शिजवा, कोमट झाल्यावर फोडींवर ओता आणि फक्त दहा-बारा मिनिटं भाजा. पारीतला बलक काढून एक चमचा पाणी वाढवा. चव निराळी लागते, पण टार्ट उभा राहतो.

गरम कापणं

गरम कस्टर्ड वाहतं आणि मग तेच "कच्चं राहिलं" असं वाटतं. निदान दोन तास थांबा. मात्र मे महिन्यात दूध-अंड्याचा पदार्थ ओट्यावर तासाभराहून जास्त ठेवणं बरं नाही. वाफ गेली की उरलेला वेळ फ्रिजमध्ये, आणि झाकण पूर्ण गार झाल्यावरच, नाहीतर झाकणाचं पाणी परत टार्टवर गळतं. दुसऱ्या दिवशी पारी थोडी मऊ पडलेलीच असते. खालच्या कप्प्यात १५० अंशांवर दहा मिनिटं ठेवली की ती परत खुसखुशीत होते. मायक्रोव्हेवमध्ये मात्र गरम करू नका.