भटक्यांच्या पालावर पहिला माहितीपट

विमुक्त-भटक्यांवर फिल्म करताना 'व्यथा' हा विषय धरू नका, एखादं काम धरा. जातीचा दाखला घ्या. या प्रवर्गाकडे 21 नोव्हेंबर 1961 पूर्वीच्या वास्तव्याचा पुरावा मागतात. आजोबांनी शाळा पाहिली नाही, नावावर जमीन नाही, मुक्काम सतत हलता. कागद येणार कुठून? दाखल्यासाठी पालावरून निघालेल्या बाईमागे सेतू केंद्र, तलाठी, तहसील असे हिंडलात की पंधरा मिनिटांची फिल्म उभी राहते, निवेदनही लागत नाही. कचेरीत कॅमेरा न्यायची परवानगी आधी लेखी काढा. नाही मिळाली, तर ती बाहेर येते तो क्षण दाराशी थांबून टिपा.

पहिल्या दोन-तीन फेऱ्या कॅमेऱ्याशिवाय करा. संमती तीनदा घ्या: शूटिंगआधी, बोलणं झाल्यावर आणि कच्चं संकलन दाखवून. तिसरी सर्वांत महत्त्वाची, कारण पडद्यावर पाहिल्याशिवाय कुणालाच नेमका अंदाज येत नाही. तेव्हा 'हे काढा' म्हणाले तर काढायचं, दृश्य कितीही जमलेलं असो. बुडालेली मजुरी जरूर द्या, पण रक्कम आधी ठरवा आणि सगळ्यांना सारखी द्या.

निळ्या ताडपत्रीच्या पालात चेहरे निळे पडतात आणि ऑटो व्हाइट बॅलन्स (पांढरा रंग पांढराच दिसावा म्हणून कॅमेरा आपोआप करतो ती रंगांची जुळणी) दर शॉटला बदलतो. माणूस बसला आहे तिथेच पांढरा कागद धरून तो हाताने सेट करा. त्याला दारापासून दोन हात आत, उजेडाकडे तोंड करून बसवा. दार पाठीशी आलं तर कॅमेरा उजेड मोजतो आणि चेहरा काळाठिक्कर होतो; एक्स्पोजर, म्हणजे किती उजेड आत घ्यायचा ते, चेहऱ्यावर लॉक करा. सेकंदाला 25 फ्रेम, शटर 1/50 सेकंद ठेवा. आपली वीज 50 हर्ट्झची, दुसऱ्या शटरवर बल्ब लुकलुकू शकतो. माइक हनुवटीखाली वीतभर. ताडपत्री वाऱ्यात फडफडते, तिची सैल टोकं आधी बांधून घ्या आणि निघताना मिनिटभर नुसता तिथला आवाज घ्या. संकलनात तुकडे जोडायला तोच उपयोगी पडतो.

पोलिसांबद्दल बोलणाऱ्याचा चेहरा धूसर करून भागत नाही. हातावरचं गोंदण, मागे उभ्या मोटारसायकलचा नंबर यांवरून गावातला माणूस लगेच ओळखतो. बदललेला आवाजही पुन्हा मूळपदावर आणता येतो, म्हणून त्याचे शब्द दुसऱ्याकडून बोलवून घ्या. लैंगिक अत्याचार झालेल्या मुलाची ओळख कळेल असं काहीही दाखवायला पॉक्सो (बालकांचे लैंगिक अत्याचारांपासून संरक्षण) कायद्याने बंदी आहे, त्यात शाळा आणि शेजारही आला.

नवखे सर्वाधिक फसतात ते भाषेत. वडारांची बोली तेलुगूच्या जवळची, कैकाडी तमिळच्या. फक्त मराठी जाणणारा संकलक वाक्य अर्ध्यात कापतो आणि त्याला ते कळतही नाही. संकलनाआधी वस्तीतल्या दोघांना बसवून टाइमकोडसह (कोणतं वाक्य फिल्ममध्ये कितव्या मिनिट-सेकंदाला येतं त्या आकड्यासह) भाषांतर लिहून घ्या. दोघांत मतभेद झाला तर बोलणाऱ्यालाच विचारा.