प्रवासात फोटो एडिट करताना या चुका टाळा

एकदा रात्रीच्या बसमध्ये बसून मी एका समारंभाचे साठ फोटो फोनवरच उरकले. सकाळी लॅपटॉपवर उघडले तर सगळ्यांचे चेहरे निळसर आणि फोटो काळवंडलेले. दोष सॉफ्टवेअरचा नव्हता. फोनचा रात्रीचा पिवळा फिल्टर चालू राहिला होता. पडद्यावरचा तो पिवळेपणा घालवायला मी व्हाइट बॅलन्स निळ्याकडे सरकवत गेले. अंधारात स्क्रीन डोळ्यांवर येते, म्हणून एक्स्पोजरही खाली ओढत गेले. साठच्या साठ फोटो पुन्हा करावे लागले.

तेव्हापासून स्लायडरला हात लावण्याआधी मी रात्रीचा फिल्टर बंद करते. आयफोन असेल तर आजूबाजूच्या उजेडानुसार स्क्रीनचे रंग बदलणारं ट्रू टोनही बंद करायचं. ऑटो ब्राइटनेस बंद करून उजेड मध्यावर ठेवायचा. भर उन्हात नेमकं उलटं होतं: स्क्रीन मंद दिसते आणि आपण फोटो नको तितका उजळवतो. अशा वेळी डोळ्यांपेक्षा हिस्टोग्रामवर, म्हणजे फोटोतला उजेड-अंधार दाखवणाऱ्या आलेखावर, विश्वास ठेवा. आलेख उजव्या भिंतीला चिकटला असेल तर पांढऱ्या भागातले बारकावे जात आहेत, स्क्रीन काहीही दाखवो. रंगांसाठी फोटोत एखादा पांढरा किंवा करडा कपडा शोधा आणि व्हाइट बॅलन्सचा ड्रॉपर त्यावर टेकवा.

रॉ उघडलंय की त्याच्या पोटातला जेपेग?

ही चूक सगळ्यात उशिरा लक्षात येते. रॉ म्हणजे कॅमेऱ्याने टिपलेली कच्ची फाइल, आणि जेपेग म्हणजे त्यातून तयार झालेला, दाबून छोटा केलेला फोटो. बहुतेक रॉ फाइलमध्ये एक तयार जेपेग दडलेला असतो. कॅमेऱ्याच्या मागच्या स्क्रीनवर तोच दिसतो. हलकी सॉफ्टवेअर झटपट उघडतात त्याचं एक कारण हेच: अनेकदा ती रॉ वाचतच नाहीत, हा जेपेग समोर ठेवतात. काही अॅप्स तर त्यावरच एडिट करून तोच एक्स्पोर्ट करतात. 24 मेगापिक्सेलचा, म्हणजे 6000 x 4000 चा फोटो बाहेर पडताना 1616 x 1080 चा झाला, तर समजा असंच घडलंय. दुसरी खूण आकाशात दिसते. हायलाइट्स कितीही खाली ओढा, ढग परत येत नाहीत, नुसता करडा पट्टा उमटतो. जेपेगमध्ये प्रत्येक रंगाच्या 256 पायऱ्या असतात, तर 14 बिट रॉमध्ये 16384. ओढाताण सोसायची ताकद त्या जास्तीच्या पायऱ्यांत असते.

म्हणून पहिला फोटो एक्स्पोर्ट झाला की लगेच त्याचे पिक्सेल तपासा, मगच बाकीचे घ्या. नव्या कॅमेऱ्याची रॉ फाइल उघडतच नसेल तर आधी अॅप अपडेट करा. तरीही नाही जमलं तर लॅपटॉपवर अडोबीच्या मोफत कन्व्हर्टरने तिचं डीएनजी, म्हणजे अनेक अॅप्सना वाचता येणारं रॉ, करून घ्या. पुढच्या प्रवासात कॅमेरा ‘रॉ + जेपेग’वर, म्हणजे दोन्ही फाइल्स एकदम साठवण्यावर, ठेवलात तर काम अडणार नाही.

अॅप मध्येच बंद पडतं?

फाइल 8 एमबीची दिसते, पण उघडल्यावर 24 मेगापिक्सेलचा फोटो मेमरीत किमान 72 एमबी व्यापतो, 16 बिटमध्ये 144. प्रत्येक लेयर त्यात भर घालतो. मागे उघडी असलेली अॅप्स बंद करा, लेयर एकत्र करा आणि स्टोरेज पार भरू देऊ नका. एक्स्पोर्टला तात्पुरती जागा लागतेच.

मूळ जेपेगवरच सेव्ह करू नका. दर वेळी तो नव्याने दाबला जातो आणि बऱ्याच फेऱ्यांनंतर आकाशात चौकटी दिसू शकतात. प्रत वेगळ्या नावाने ठेवा. डार्कटेबलसारखं सॉफ्टवेअर मूळ रॉला धक्का लावत नाही, केलेले बदल शेजारच्या एक्सएमपी फाइलमध्ये लिहितं. नुसती रॉ दुसऱ्या ड्राइव्हवर हलवलीत आणि एक्सएमपी मागे राहिली, तर तिथे फोटो तुमच्या बदलांशिवाय उघडेल. दोन्ही सोबत न्या.

शार्पनिंगचा मोह छोट्या स्क्रीनवर फार होतो. 100 टक्के झूम करून केस आणि पापण्या पाहा. कडांना पांढरी रेघ आली असेल तर मागे या.

पाठवताना एसआरजीबीमध्येच, म्हणजे बहुतेक स्क्रीन आणि अॅप्सना चालणाऱ्या रंगप्रकारातच, एक्स्पोर्ट करा. जास्त रंग सामावणाऱ्या अडोबी आरजीबीमधला फोटो रंगांचं प्रोफाइल न वाचणाऱ्या अॅपमध्ये फिका दिसतो आणि समोरच्याला वाटतं एडिटच तसं आहे. व्हॉट्सअॅपवर फोटो म्हणून पाठवला की तो दाबला जातो, म्हणून डॉक्युमेंट म्हणून पाठवा. मात्र त्यात जागेची नोंद राहू शकते. कुणाच्या घरचे फोटो असतील तर एक्स्पोर्ट करताना लोकेशन काढून टाका. लोकांनी विश्वासाने घरात घेतलेलं असतं.

आणि फोनमध्ये फोटो दिसतायत म्हणून कार्ड रिकामं करू नका. काही वेळा फक्त छोट्या प्रती आलेल्या असतात. दोन ठिकाणी कॉपी करा, त्यातल्या पाच-सहा फाइल्स उघडून पूर्ण झूम करून पाहा, मगच कार्ड कॅमेऱ्यात घालून फॉरमॅट करा.