फोकवेज ऐकायचं कसं: एका रेडिओ-दुरुस्तीवाल्याने आखलेली वाट

फोकवेज रेकॉर्ड्स या न्यूयॉर्कच्या लेबलचा, म्हणजे रेकॉर्ड काढणाऱ्या कंपनीचा, इतिहास समजून घ्यायचा असेल, तर वुडी गथ्री आणि पीट सीगर या नामवंत अमेरिकन लोकगायकांपासून सुरुवात करू नका. बहुतेक जण तिथूनच सुरू करतात आणि तिथेच थांबतात. गाणी उत्तम आहेत, वाद नाही. पण हे लेबल कशामुळे टिकलं ते त्यातून कळत नाही. ते कळतं कमी खपलेल्या रेकॉर्डमधून. लेबल चालवणाऱ्या मोझेस ॲशने १९४८ ते १९८६ या काळात २,१६८ अल्बम काढले, आणि खप नाही म्हणून एखादा अल्बम यादीतून काढायचा नाही, हा नियम शेवटपर्यंत पाळला. वर्णमालेतलं एखादं अक्षर कमी वापरात आहे म्हणून आपण ते गाळत नाही, असं तो सांगत असे. हे एक वाक्य डोक्यात ठेवून पुढे चला.

मी सांगलीत रेडिओ आणि टेपरेकॉर्डर दुरुस्त करतो. संध्याकाळी शटर अर्धं ओढलं की तीन-चार पोरं काउंटरच्या आत येऊन बसतात आणि आम्ही ऐकतो. त्यांना मी जी वाट दाखवतो, तीच इथे लिहितोय.

आधी साहित्य. जुन्या एलपी शोधत बसू नका; इकडच्या बाजारात त्या क्वचितच दिसतात, आणि त्यांची गरजही नाही. अमेरिकेतल्या स्मिथसोनियन संस्थेकडे आज हा सगळा ठेवा आहे. तिच्या फोकवेजच्या संकेतस्थळावर प्रत्येक अल्बमचं पान आहे आणि रेकॉर्डबरोबर आलेल्या पुस्तिकेची पीडीएफ तिथे फुकट मिळते. अल्बम नेहमीच्या गाण्यांच्या ॲपवरही सापडतात, पण तिथे पुस्तिका नसते, म्हणून संकेतस्थळ आधी. मोबाइलच्या स्पीकरवर ऐकू नका. साधा का होईना, मोठ्या कोनचा एक स्पीकर जोडा. ॲशच्या काळातलं बरंचसं ध्वनिमुद्रण मोनो, म्हणजे डावा-उजवा वेगळा नसलेलं, आहे, त्यामुळे एकच स्पीकर असला तरी काही हरवत नाही. बास आणि ट्रेबल दोन्ही मधोमध ठेवा. ॲशला आवाज नटवणं मान्य नव्हतं. शक्य तिथे एकच मायक्रोफोन, समोर माणूस, आणि त्या खोलीत जे वाजलं ते. आपण इकडे बटणं फिरवून ते बिघडवू नये.

दुसरी पायरी म्हणजे नंबर वाचायला शिकणं. रेकॉर्डचा नंबर हा या लेबलचा नकाशा आहे. ढोबळमानाने २,००० च्या घरात अमेरिकन लोकसंगीत, ४,००० मध्ये जगभरातल्या समाजांचं संगीत, ६,००० मध्ये विज्ञान आणि आवाज, ७,००० मध्ये लहान मुलांसाठीचं, ९,००० मध्ये कविता, नाटकं, भाषणं. संकेतस्थळावर हे नंबर ‘एफडब्ल्यू’ने सुरू होतात. त्याऐवजी ‘एसएफडब्ल्यू’ दिसलं, तर तो अल्बम ॲशच्या मृत्यूनंतर स्मिथसोनियनने काढलेला किंवा नव्याने बांधलेला आहे असं समजा. उदाहरणार्थ, हॅरी स्मिथने संपादित केलेला अमेरिकन लोकसंगीताचा संग्रह १९५२ साली आला. त्याचा पहिला भाग २९५१ या नंबरवर आहे आणि १९९७ ची सीडी आवृत्ती एसएफडब्ल्यू ४००९० वर. दोन्ही पानं शेजारी-शेजारी उघडा. एकाच गोष्टीचे दोन काळ समोर येतात.

माणसाबद्दल थोडक्यात सांगतो. जन्म १९०५, वॉर्सा. वडील शोलेम ॲश हे यिडिश या पूर्व युरोपातल्या ज्यूंच्या भाषेतले नामवंत कादंबरीकार. कुटुंब युरोपातून न्यूयॉर्कला आलं, मुलगा पुढे जर्मनीत जाऊन रेडिओचं तंत्र शिकून आला आणि रेडिओ दुरुस्ती, लाउडस्पीकरची जोडणी असल्या कामाला लागला. म्हणजे आमच्याच धंद्यातला! त्याचे निर्णय मला वायरीच्या बाजूने कळतात, हे मी लपवत नाही. वडिलांबरोबर तो प्रिन्स्टनला आइन्स्टाइनचं बोलणं रेकॉर्ड करायला गेला होता. माणसांचे आवाज जपून ठेवण्याचं काम हातात घे, असं आइन्स्टाइनने तिथे सुचवल्याचं ॲश स्वतः पुढे सांगत असे.

आता इतिहासातला सगळ्यात महत्त्वाचा धडा, तो नीट समजून घ्या. फोकवेज ही ॲशची पहिली कंपनी नव्हे. आधी ‘ॲश रेकॉर्ड्स’ होती, मग ‘डिस्क’. डिस्कमध्ये त्याने मोठा डाव लावला होता. नॅट किंग कोल या लोकप्रिय गायकाच्या नाताळच्या रेकॉर्डवर पैसा गुंतवला, बर्फाच्या वादळाने माल वेळेवर दुकानात पोचला नाही आणि नाताळ निघून गेला, ही हकीकत या लेबलच्या इतिहासात नेहमी सांगितली जाते. डिस्क कर्जात बुडाली. १९४८ साली फोकवेज उभी राहिली ती त्याची सहकारी मॅरियन डिस्टलर हिच्या नावाने, कारण दिवाळखोरीमुळे त्याला स्वतःचं नाव पुढे करता येत नव्हतं. पुढे १९६४ मध्ये मॅरियन गेली, तोवर ऑफिस तिनेच सांभाळलं. तिचं नाव आज फारसं कोणी घेत नाही, म्हणून इथे मुद्दाम लिहितोय.

दिवाळं निघाल्यावर त्याने गणितच उलटं केलं. एका रेकॉर्डच्या हजारो प्रती खपवायच्या नाहीत. हजारो रेकॉर्डच्या थोड्या-थोड्या प्रती खपवायच्या. सुरुवातीला काहीशे प्रतीच बनवून घ्यायच्या, संपल्या की पुन्हा थोड्या. गिऱ्हाईक कोण? शाळा, महाविद्यालयं, सार्वजनिक वाचनालयं. त्यांना या वर्षीचं हिट गाणं नको असतं. त्यांना दहा वर्षांनीही तोच नंबर मागवला तर मिळायला हवा असतो. त्यामुळे ‘यादीतून काढायचं नाही’ हा नियम नुसत्या आदर्शापोटी नव्हता, धंदाही त्यावरच उभा होता. दोन्ही गोष्टी एकाच वेळी खऱ्या असू शकतात, आणि मला ॲश आवडतो तो त्यासाठीच.

हे गणित कव्हरवर डोळ्यांनी दिसतं. संकेतस्थळावर कव्हरचा फोटो मोठा करून बघा. जाड काळा पुठ्ठा, आणि त्यावर गुंडाळून चिकटवलेला छापील कागद. पुष्कळदा दोनच रंग. पुठ्ठ्याची पाकिटं सगळ्या रेकॉर्डना एकसारखी, फक्त कागद बदलायचा. रोनाल्ड क्लाइन या चित्रकाराने अशी पाचशेहून जास्त कव्हरं केली. पाकिटाच्या आत मधोमध एक पुठ्ठ्याचा पडदा असतो, त्याच्या एका बाजूला रेकॉर्ड आणि दुसऱ्या बाजूला पुस्तिका. पुस्तिकेला स्वतंत्र कप्पा! खर्चाची एवढी काटकसर करणाऱ्या माणसाने कशावर काटकसर केली नाही, ते या पडद्यावरून कळतं.

म्हणून तिसरी पायरी: पुस्तिका आधी, आवाज नंतर. मी पोरांना पीडीएफ उघडून मोठ्याने वाचायला लावतो. हॅरी स्मिथच्या पुस्तिकेपासून सुरू करा. त्याच्या संग्रहात ८४ गाणी आहेत. १९२०-३० च्या सुमाराला कंपन्यांनी विकून विसरून टाकलेल्या ७८ आरपीएमच्या तबकड्यांतून ती निवडलेली. प्रत्येक गाण्याला नंबर, मूळ कंपनी, वर्ष, आणि गाण्याची गोष्ट वर्तमानपत्री मथळ्यासारखी एका ओळीत. बेडूक आणि उंदराच्या लग्नाचं गाणं आहे, त्याचा मथळा बातमी असावी तसा लिहिलाय: भिन्न प्राण्यांचा विवाह, नातेवाइकांची संमती. गाणारा गोरा की काळा हे कुठेही लिहिलेलं नाही. त्या काळात अमेरिकन कंपन्या दोघांचे कॅटलॉगही वेगळे ठेवत, हे लक्षात घेऊन ती पानं वाचा. नंतरच्या पिढीतल्या किती गायकांनी ही गाणी याच संग्रहातून उचलली, त्याची मोजदाद करणं कठीण आहे.

इथेच दुसरी बाजूही बघून घ्या. त्या जुन्या तबकड्यांच्या मालक-कंपन्यांची परवानगी ॲशने घेतली नव्हती. तुम्ही बाजारातून काढून टाकलंत, आता ते ऐकण्याचा हक्क लोकांचा, अशी त्याची भूमिका. स्वतःच्या कलाकारांना मानधन देतानाही त्याचा हात आखडता असे, कित्येकांनी तशी तक्रार केली आहे. मला त्याचं समर्थन करायचं नाही. दहा-वीस प्रती खपणारी रेकॉर्ड जिवंत ठेवायला पैसा लागतो, आणि त्याची झळ गाणाऱ्यालाही बसली. फोकवेजचा इतिहास लिहिताना हे पान गाळू नये.

चौथी पायरी, ऐकणं. पहिलीच एलिझाबेथ कॉटन लावा, १९५८ चा अल्बम. ही बाई वॉशिंग्टनमध्ये सीगर कुटुंबाकडे घरकाम करायची. एका दुकानात हरवलेली त्यांची लहान मुलगी पेगी तिने आईपाशी आणून दिली, त्यातून ओळख झाली आणि काम मिळालं. ती गिटार वाजवते हे घरात नंतर कळलं. पेगीचा भाऊ माइक सीगर याने तिच्या घरीच हे ध्वनिमुद्रण केलं. ‘फ्रेट ट्रेन’ लावा आणि फक्त उजव्या-डाव्या हाताचा विचार करा. ती डावखुरी, पण गिटारच्या तारा उजव्या हाताच्या माणसासाठी लावलेल्या. तिने तारा बदलल्या नाहीत, गिटारच उलटी धरली. त्यामुळे जाड तारा बोटांकडे गेल्या आणि बारीक तारा अंगठ्याकडे. चाल अंगठा वाजवतोय, खर्ज बोटं. तीन वेळा ऐका. तिसऱ्यांदा खालचा खर्ज आगगाडीसारखा एका लयीत जाताना वेगळा ऐकू येतो. मायक्रोफोन जवळ आहे आणि मध्ये काही नाही, म्हणूनच हे कळतं.

तिच्यानंतर एला जेन्किन्स, १९५७ चा मुलांसाठीचा अल्बम. एकाने म्हणायचं, बाकीच्यांनी झेलायचं. प्राथमिक शाळेत शिकवत असाल तर भाषा कळली नाही तरी वर्गात लावा, मुलं आपोआप झेलायला लागतात. मग ६,००० च्या घरातला १९५८ चा उत्तर अमेरिकेतल्या बेडकांचा अल्बम. चार्ल्स बोगर्ट या सरीसृप आणि उभयचर प्राण्यांच्या तज्ज्ञाने बेडकांच्या हाका ऐकवत त्यांची माहिती सांगितली आहे. माझ्याकडे येणारा एक पोरगा कृषी महाविद्यालयात शिकतो, तो यानंतर पावसाळ्यात नदीकाठी फोन घेऊन गेला. गथ्री, लेड बेली, सीगर आता ऐका. यादी सबंध दिसल्यावर ही नावंही वेगळी लागतात. गथ्रीची बरीच गाणी १९४४ मधली आहेत, म्हणजे फोकवेज जन्मायच्या आधी ॲशने मुद्रित केलेली, हे तारखांवरून ताडून बघा.

शेवटचा टप्पा १९८६-८७ चा. ऑक्टोबर १९८६ मध्ये ॲश गेला. पुढच्या वर्षी स्मिथसोनियनने सगळा संग्रह घेतला तो एका अटीवर: एकही अल्बम बंद पडू द्यायचा नाही. १९८८ मध्ये डिलन, स्प्रिंगस्टीन, यूटू अशा मोठ्या नावांनी गथ्री आणि लेड बेलीची गाणी गाऊन एक अल्बम केला, त्याचं उत्पन्न या खरेदीच्या कामी आलं. तेव्हापासून आजवर अट पाळली गेली आहे; आधी कॅसेट करून देत, मग मागणीनुसार सीडी, आता फाइल.

आपल्याकडे याच्या जवळ जाणारं काम बघायचं असेल तर जात्यावरच्या ओव्यांचा संग्रह ऐका. पुण्याच्या हेमा राईरकर आणि गी पॉइटव्हाँ यांनी गावोगावच्या बायकांकडून एक लाखाहून अधिक ओव्या जमवल्या, आणि आता ‘पारी’ या ग्रामीण भारताची नोंद ठेवणाऱ्या संस्थेच्या संकेतस्थळावर गाणारीचं नाव, गाव आणि ओवीचा मजकूर यांसह त्या क्रमाने येत आहेत.

आता स्वतः करून बघा. टोनी श्वार्ट्झने न्यूयॉर्कमधल्या आपल्या १९ नंबरच्या टपाल विभागातले आवाज गोळा केले आणि १९५४ साली फोकवेजवर त्याचा अल्बम आला. तुमचा पिनकोड घ्या. फोन विमान-मोडवर टाका, पंखा बंद करा, बोलणाऱ्यापासून वीतभर अंतरावर, तोंडाच्या सरळ रेषेत न धरता थोडा बाजूला धरा, नाहीतर ‘प’ आणि ‘फ’ फुटतात. सुरुवातीला दहा सेकंद नुसती खोली रेकॉर्ड करा. फाइल झाल्याबरोबर, घरी जाईपर्यंत न थांबता, कागदावर लिहा: नंबर, तारीख, गाव, कोणाचा आवाज, वय, काय म्हटलं, कोणाकडून शिकलं, रेकॉर्ड करणाऱ्याचं नाव, आणि लोकांना ऐकवायला परवानगी दिली का. परवानगीचा रकाना रिकामा असेल तर ती फाइल कोणाला पाठवू नका. नंबर मात्र तिलाही द्या.