ऑफिसचे फोन बदलताना: आधी मोजणी, मग खरेदी

नवी फोनव्यवस्था घ्यायची म्हटली की कोटेशन द्यायला आलेला माणूस आधी टेबलं मोजतो. जितकी टेबलं तितके फोन, वर थोडे जास्तीचे. माझी विनंती आहे, ही मोजणी त्याच्या हाती देऊ नका. पर्यावरणाची काळजी खरंच घ्यायची असेल तर सगळ्यात मोठा फरक इथेच पडतो. धातू खणून काढणं, चिपा आणि सर्किट बोर्ड बनवणं, माल दूरवरून आणणं हा भार फोन तुमच्या टेबलावर येण्याआधीच पडून गेलेला असतो आणि नंतर वीज कितीही वाचवली तरी तो भरून निघत नाही. खोक्यावर हिरवं पान छापलेलं आहे की नाही हे बघण्याआधी किती खोकी नकोतच ते ठरवा.

त्यासाठी सध्याच्या ईपीएबीएक्समधून (ऑफिसचे फोन आपसात आणि बाहेरच्या लाइनला जोडणाऱ्या एक्स्चेंजमधून) दोन-तीन महिन्यांचा एक्स्टेंशनवार कॉल रिपोर्ट काढून घ्या. बहुतेक यंत्रांत ही सोय असते, एएमसीवाल्याला (वर्षाच्या देखभालीचा करार असलेल्या माणसाला) सांगितलं की तो काढून देतो. एक गोष्ट मात्र आधी तपासा. पुष्कळ ठिकाणी फक्त बाहेरचे कॉल नोंदले जातात, आतल्या आत केलेले कॉल नोंदवायची सेटिंग बंदच असते. ती सुरू करून महिनाभर थांबा, नाहीतर दिवसभर स्टोअरशी बोलणारा सुपरवायझर रिपोर्टमध्ये शून्यावर दिसेल आणि त्याचाच फोन जाईल. रिपोर्ट हातात आला की ऑफिसात एक फेरी मारा. रिसेप्शन, गेट, स्टोअर, काटा, लॅब, कॅशिअर यांना टेबलावर किंवा भिंतीवर खराखुरा फोन लागतो. दिवसभर कॉम्प्युटरसमोर बसणाऱ्यांना हेडसेट आणि कॉम्प्युटरवरचं फोनचं अ‍ॅप पुरतं, पण फक्त फोन यावा म्हणून कॉम्प्युटर रात्रंदिवस सुरू राहणार असेल तर तो फायदा उलटा पडतो. चार टेबलांमध्ये एक फोन चालतो का, हे साहेबांना न विचारता त्या टेबलांवरच्या माणसांना विचारा.

आता जुन्यातलं काय ठेवता येईल ते बघा. साधा अ‍ॅनालॉग फोन दोन तारांवरून, एक्स्चेंजकडून येणाऱ्या विजेवरच चालतो. त्याला अ‍ॅडॉप्टर लागत नाही आणि रिसीव्हर ठेवलेला असताना तो जवळजवळ वीज घेतच नाही. असे चांगले फोन केवळ जुने दिसतात म्हणून भंगारात घालू नका. रिसीव्हरची गुंडाळी वायर खराब झाली की लोकांना अख्खा फोन गेला असं वाटतं, पण ती वायर सुटी मिळते. नवी व्यवस्था आयपीची, म्हणजे कॉम्प्युटरच्या नेटवर्कवरून चालणारी असली तरी जुने फोन आणि भिंतीतली वायरिंग गेटवे, म्हणजे दोन्ही पद्धतींना जोडणारी पेटी लावून तिला जोडता येतात. अ‍ॅनालॉग आणि आयपी दोन्ही कार्ड घेणारी ईपीएबीएक्सही मिळतात. नागपूरजवळच्या बुटीबोरी किंवा हिंगणा एमआयडीसीतल्या कारखान्यांसाठी हा मुद्दा फार कामाचा आहे. नेटवर्कची केबल १०० मीटरपर्यंतच नीट चालते, आणि गेट ऑफिसपासून तीनशे मीटरवर असेल तर मध्ये स्विच (नेटवर्कच्या केबल एकत्र जोडणारी पेटी), त्याला वीज, त्याला बॅटरी असा पसारा वाढतो. तिथे जुनी दोन तारांची जोडी विनातक्रार चालते. तिला हात लावू नका.

वीज हा विषय नागपूरकरांसाठी दूरचा नाही. कोराडी आणि खापरखेडा इथली औष्णिक केंद्रं शहराच्या उंबरठ्यावर आहेत, वेकोलिचं, म्हणजे वेस्टर्न कोलफील्ड्स या कोळसा कंपनीचं मुख्यालय सिव्हिल लाइन्समध्ये आहे आणि राख कुठे जाते हे आजूबाजूच्या गावांना नेमकं माहीत आहे. देशाच्या ग्रिडवर एका युनिटमागे सरासरी सुमारे ०.७ किलो कार्बन डायऑक्साइड हवेत जातो. आयपी फोन कोणी उचलला नाही तरी दिवसरात्र सुरूच असतो. एक फोन ३ वॅट घेतो असं धरा. ४० फोनचे १२० वॅट झाले. वर्षाचे तास ८,७६०, म्हणजे साधारण १,०५० युनिट आणि पाऊण टनाच्या आसपास कार्बन डायऑक्साइड. ऑफिस रोज नऊ तास आणि वर्षाला ३०० दिवस उघडं असतं असं धरलं तर उघडे तास २,७०० होतात. म्हणजे जवळजवळ ७० टक्के वीज कोणीही नसताना जाते. पैशात ही रक्कम मोठी नाही, म्हणूनच ती कोणी बघत नाही. पण ती वाचवायला वेगळं फारसं काही विकत घ्यावं लागत नाही.

त्यासाठी फोनला वीज नेटवर्कच्या केबलमधूनच द्या, म्हणजे पीओई. प्रत्येक फोनला वेगळा अ‍ॅडॉप्टर नको. आणि स्विच असा मागा, ज्यात प्रत्येक पोर्टला (केबल खोचायच्या खाचेला) वेगळं वेळापत्रक लावता येतं: रात्री आठला बंद, सकाळी साडेनऊला सुरू, रविवारी दिवसभर बंद. वेळापत्रक लावण्याआधी दोन गोष्टी नक्की बघा. बऱ्याच ऑफिसांत एकच केबल वाचवायला कॉम्प्युटर फोनच्या मागच्या पोर्टमधून जोडलेला असतो. तिथे फोन बंद झाला की कॉम्प्युटरचं नेटवर्कही जातं, आणि रात्रीचा बॅकअप किंवा घरून केलेलं काम अडतं. दुसरं, गेटवरच्या चौकीदाराचा फोन, लिफ्टमधला फोन आणि आग लागली तर वापरायचा फोन हे वेळापत्रकात घ्यायचे नाहीत. या फोनच्या पोर्टवर स्विचजवळ ठळक रंगाची पट्टी चिकटवून ठेवा, म्हणजे नवीन आलेला टेक्निशियन ते चुकून बंद करणार नाही.

कोटेशनमध्ये वॅटचा आकडा लेखी मागा, आणि तो ‘कमाल’ नको, फोन नुसता ठेवलेला असतानाचा हवा. रंगीत टचस्क्रीनचा फोन साध्या दोन ओळींच्या पडद्याच्या फोनपेक्षा जास्त वीज घेतो, जास्त वेगाचा गीगाबिट पोर्टही थोडी जास्त घेतो. एसी-फ्रिजवर बीईईचे तारे बघायची आपल्याला सवय आहे, टेबलावरच्या फोनवर मात्र ते मिळणार नाहीत, म्हणून डेटाशीट (कंपनीचा तांत्रिक माहितीचा कागद) वाचावीच लागते. एक्स्चेंजचं काम करणाऱ्या यंत्राचंही तेच. कोपऱ्यात पडलेला जुना कॉम्प्युटर काढून त्यावर अ‍ॅस्टरिस्कसारखं एक्स्चेंजचं मुक्त सॉफ्टवेअर चढवणं चांगलं वाटतं, नवं यंत्र वाचतं. पण तो कॉम्प्युटर सतत ८० वॅट घेत असेल तर वर्षाला सुमारे ७०० युनिट होतात, आणि वर त्या खोलीचा एसी. छोट्या ऑफिसला पुरेल असं बिनपंख्याचं छोटं यंत्र त्याच्या छोट्याशा हिश्श्याएवढ्या विजेत काम भागवतं. क्लाउडवर गेलात तर यंत्र तुमच्या खोलीतून जातं, वीज दुसरीकडे लागते. दहा-पंधरा माणसांच्या ऑफिसला ते सोयीचं पडतं, कारण तिथे एकच सर्व्हर अनेक ग्राहकांत वाटला जातो. मात्र इंटरनेट बंद पडलं तर कॉल मोबाइलवर वळतील अशी सोय करारातच लिहून घ्या.

बॅटरीकडे नागपुरात वेगळ्या डोळ्यांनी बघावं लागतं. शिशाच्या बॅटरीचं आयुष्य कंपनी २५ अंश तापमान धरून सांगते, आणि त्याच्या वर दर १० अंशांमागे ते साधारण निम्मं होतं. आपल्याकडे मे महिन्यात बाहेर पारा ४५ च्या पुढे जातो. जिन्याखालच्या बंद कपाटात किंवा पत्र्याखालच्या केबिनमध्ये ठेवलेल्या यूपीएसच्या बॅटऱ्या त्यामुळे लवकर जातात, आणि त्या दर दोन-तीन उन्हाळ्यांनी बदलाव्याच लागतात असं आपण धरून चालतो. तसं धरू नका. बॅटरी इमारतीतल्या सगळ्यात थंड खोलीत, उत्तरेच्या भिंतीला, जमिनीपासून थोडी वर ठेवा. कूलरच्या झोतात मात्र नाही. त्या ओलाव्याने टर्मिनलवर आणि ईपीएबीएक्सच्या कार्डांवर गंज चढतो. वीज गेली तर किती वेळ फोन चालायला हवेत हेही स्पष्ट ठरवा. सगळ्या ४० फोनना चार तासांचा बॅकअप देणं म्हणजे विनाकारण शिसं विकत घेणं. रिसेप्शन, गेट आणि दोन-चार महत्त्वाची टेबलं एवढ्यांना पुरेल इतकी बॅटरी घ्या. लिथियम आयर्न फॉस्फेटची बॅटरी महाग असते, पण उन्हाळा जास्त सोसते आणि जास्त वर्षं टिकते. जिथे खोली थंड ठेवणं शक्यच नाही तिथे तिचा विचार जरूर करा.

विदर्भातल्या विजा हा उपकरणांच्या कचऱ्याचा दुसरा मोठा रस्ता आहे. जूनच्या पहिल्या वादळात ‘लाइन कार्ड (फोनच्या लाइन जोडायचं सर्किट) उडालं’ हे वाक्य प्रत्येक ईपीएबीएक्स टेक्निशियनला ऐकावं लागतं. बाहेरून येणाऱ्या तांब्याच्या प्रत्येक जोडीवर एमडीएफमध्ये (सगळ्या तारा जिथे जोडल्या जातात त्या पेटीत) सर्ज प्रोटेक्टर, म्हणजे विजेचा झटका अडवणारं उपकरण बसवून घ्या आणि अर्थिंगची तपासणी मे महिन्यातच करून घ्या, कारण तेव्हा जमीन सगळ्यात कोरडी असते आणि कमकुवत अर्थिंग उघडं पडतं. दोन इमारतींमध्ये तांब्याची नेटवर्क केबल टाकू नका, फायबर टाका. आणि यंत्रांचा रॅक तळघरात नको. २३ सप्टेंबर २०२३ च्या पहाटे अंबाझरी तलाव ओसंडला आणि नाग नदीचं पाणी शहरात शिरलं, तेव्हा जमिनीलगत ठेवलेल्या वस्तूंचं काय होतं ते आपण सगळ्यांनी पाहिलं आहे. सीताबर्डी, धरमपेठेच्या सखल भागात ऑफिस असेल तर पहिल्या मजल्याच्या खाली काहीही ठेवू नका.

विक्रेत्याला विचारायचे प्रश्न थोडेच आहेत, पण उत्तरं लेखी हवीत. फोन एसआयपी या खुल्या पद्धतीवर चालतो का, आणि उद्या सेवा देणारी कंपनी बदलली तर तोच फोन दुसरीकडे जोडता येईल का? कुलूप लावलेले फोन म्हणजे करार संपला की भंगार. सॉफ्टवेअरचे अपडेट किती वर्षं मिळतील? रिसीव्हर, वायर, स्टँड सुटे मिळतात का, आणि किती वर्षं? टीईसीचं (केंद्राच्या दूरसंचार अभियांत्रिकी केंद्राचं) प्रमाणपत्र आहे का? शिसं, पारा, कॅडमियम यांच्या प्रमाणावर ई-कचरा नियमांनी जी मर्यादा घातली आहे ती पाळल्याची घोषणा कागदपत्रांत आहे का? दुरुस्त करून विकलेले फोन घेण्यात काही कमीपणा नाही, साध्या टेबलांसाठी मी तेच सुचवेन, फक्त त्यांना अजून अपडेट मिळत असल्याची खात्री करून घ्या. कारखान्यातून आलेला पासवर्ड पहिल्याच दिवशी बदला.

जुनं सामान कुठे जाणार, हे नवं सामान येण्याआधी ठरलेलं असायला हवं. ई-कचरा व्यवस्थापन नियम, २०२२ हे १ एप्रिल २०२३ पासून लागू आहेत आणि टेलिफोन त्यांच्या सूचीत येतो. वर्षात कधीही सूचीतली किमान १,००० उपकरणं वापरणारी संस्था ‘मोठा ग्राहक’ ठरते आणि तिला आपला ई-कचरा नोंदणीकृत उत्पादक, दुरुस्तीकार किंवा पुनर्चक्रीकरण करणाऱ्याकडेच द्यावा लागतो. तुमचं ऑफिस त्याहून लहान असलं तरी वाट हीच धरा. बोलीत जास्त भाव देणाऱ्या भंगारवाल्याला सामान हवं असतं ते तांब्यासाठी, आणि तांबं काढायची त्याची सोपी रीत म्हणजे वायर जाळणं. त्या धुरात काय असतं ते वायर जाळणाऱ्या पोरांच्या छातीत उतरतं. बॅटरीचं तर आणखी वाईट. आम्ल नालीत ओतलं जातं आणि शिसं उघड्यावर वितळवलं जातं. बॅटरीसाठी २०२२ चेच वेगळे नियम आहेत, म्हणून ती फोनच्या ढिगात टाकू नका. नवी घेताना जुनी विक्रेत्याकडे परत द्या आणि बिलावर तशी नोंद घ्या. पुनर्चक्रीकरण करणाऱ्याचं नाव केंद्रीय प्रदूषण नियंत्रण मंडळाच्या यादीत शोधा. शंका असेल तर महाराष्ट्र प्रदूषण नियंत्रण मंडळाचं प्रादेशिक कार्यालय नागपुरातच आहे, तिथे चौकशी करा. चालू स्थितीतले फोन आधी बाजूला काढा. एखादी शाळा, वसतिगृह किंवा छोटा दवाखाना इंटरकॉमसाठी ते आनंदाने नेतो. देण्याआधी फोनमधले नंबर आणि यंत्रातली कॉलची नोंद पुसून टाका.

कामाला नोव्हेंबर ते फेब्रुवारी हा काळ चांगला. टेक्निशियनला छताखाली वायरिंग करायची असते, एप्रिलनंतर तिथे थांबवत नाही, आणि मग कामं घाईत, अर्धवट टेप लावून उरकली जातात. सिव्हिल लाइन्स, सदर भागातल्या ऑफिसांनी डिसेंबरमधल्या विधिमंडळ अधिवेशनाचे दिवस टाळावेत, कारण मोर्चे आणि बंदोबस्तामुळे सामानाची गाडी आणणं कठीण होतं. जुनी ईपीएबीएक्स त्याच दिवशी काढू नका. ती दोन आठवडे सोबत चालू द्या आणि बाहेरचे नंबर एकेक करून नव्यावर वळवा. या दोन आठवड्यांत कोणत्या फोनची कोणाला आठवणही आली नाही ते लिहून ठेवा. ते फोन अजून खोक्यातच असतील तर विक्रेत्याला परत करता यावेत, ही अट ऑर्डर देतानाच घालून ठेवा.